दुसऱ्या भावाची सही

आपली सून शहाणी आहे, पण अंमळ जास्तच, असं आवडाबाईचं ठाम मत होतं. बोर्ली पंचतनजवळ समुद्राकाठी गणराज नावाच्या गाववाल्याचं घर होतं. तो पनवेलला राहायचा आणि ही सून, सुचिता, ते पर्यटकांना भाड्याने द्यायची. चावी, झाडलोट, पाहुण्यांचं जेवण, सगळं तिच्याकडे. आता दुसऱ्याचं घर असं चालवायचं तर परवाना हवा, आणि परवान्याला सगळ्या मालकांची संमती. घर थोरला गणराज आणि धाकटा विनेश या दोघा भावांच्या नावावर होतं. वाटणीवरून बिनसल्यापासून ते एकमेकांचं तोंड पाहत नव्हते.

"माझी सही घे आणि मोकळी हो. तो कुठं बघायला येतोय?" गणराज फोनवर म्हणाला. भावकीच्या घरात थोरल्याचा शब्द चालायचा. आजूबाजूच्या सगळ्यांनी तसंच भागवलं होतं.

"अर्धं घर विनेशदादांचं हाय. इचारल्याबिगर न्हाय," सुचिता म्हणाली.

"आन् तो न्हाय म्हनला तर? हातचं काम जाईल, बये!" आवडाबाई म्हणाली.

"जाईल, आई."

सुचिता मुरूडला विनेशकडे निघाली, तशी आवडाबाईही निघाली. दिघीहून आगरदांड्याला बोटीने जाताना तिचं एकच पालुपद, "तू गप ऱ्हा, मी बोलते."

मुरूडला सहीचं नाव काढताच विनेशने दारातच विचारलं, "इतकी वर्षं माझी आठवन न्हाय झाली. आता सही पायजे?"

आवडाबाई पदर सावरत सुनेच्या मागे सरकली. सुचिता मात्र सरळ म्हणाली, "चुकलं आमचं. तुमचं घर हाय हे ठावं असून इचारलं न्हाय." तिने चावी काढून त्याच्या हातावर ठेवली. "तुमी हो म्हनेपर्यंत ही तुमच्यापाशी."

गेला सीझन, आवडाबाईच्या मनात आलं. पण सुनेचा तो शांत चेहरा पाहून तिला वाटलं, मला जन्मात असं जमलं नसतं. माझी सून आहे ही!

विनेश चावीकडे बघत राहिला. "दादानं ही मला कधी हातात धरू दिली न्हाय," तो म्हणाला. मग त्याने विचारलं, "त्याचा नंबर हाय का?"

सुचिताने फोन लावला आणि स्पीकर सुरू केला.

"दादा, विनेश बोलतोय. चावी माझ्याकडं हाय. सुचिताला देऊ, पन दोघं मिळून देऊ."

पलीकडून गणराज म्हणाला, "घरी कधी येतोस?"