रत्नम्माच्या नावाचा डबा

मी बोलतोय. चार खणांचा पितळी डबा. ऐकायचं तर ऐका, मला आता कशाचंच काही वाटत नाही.

लातूरच्या गंजबाजारातल्या माणिकप्पा शेटनी मला विकत घेतलं. अडतीचा मोठा व्यापार त्यांचा. थोरल्या लेकीच्या लग्नासाठी भांडी जमवत होते, म्हणून झाकणावर नाव कोरून घेतलं, 'रत्नम्मा'.

लातूर नुकताच जिल्हा झाला होता. नव्या कचेरीचं बांधकाम सुरू होतं आणि पावसाचा पत्ता नव्हता. पाण्यावाचून खानावळी बंद पडल्या. बांधकामावरचा इंजिनियर विरूपाक्ष देगलूरचा. "आपल्यातलं पोरगं उपाशी ऱ्हातंय म्हंजे काय!" असं म्हणून शेटनी मला कामाला लावलं.

स्वयंपाक धाकटी नीलम्मा करायची. रत्नम्माला चुलीचा कंटाळा. नीलम्मा वरच्या खणात शेंगदाण्याची चटणी दाबून भरायची, आणि मी परतलो की आधी तोच खण उघडायची. रिकामा दिसला की हसायची. दुकानात एकदा पाहिलं होतं तिनं विरूपाक्षला. आवडला होता, दुसरं काय!

तिकडे विरूपाक्ष चटणी बोटानं पुसून खायचा. एकदा झाकणावरचं नाव दाखवून त्यानं शेटच्या गड्याला विचारलं, "सटवाजी, ह्या कोण?"

"थोरल्या ताई, शेटची लेक. लग्नाच्या हायेत."

रांधतं कोण, हे विचारलंच नाही. अरे, विचारायचं की रे!

पंधरा दिवसांत देगलूरहून मागणी आली. "इंजिनियर आपल्या रत्नम्माला मागायलाय!" शेट दारातूनच ओरडले. नीलम्माची भाकरी तव्यावर करपली. तिनं दुसरी थापायला घेतली. थोरलीचं आधी, त्यात बोलणार काय? पाहायच्या दिवशी समोर रत्नम्मा बसली, आत पोहे नीलम्मानं केले. पाहुण्यांना पोहे लई आवडले.

लग्नानंतरचा पहिला डबा रत्नम्मानं भरला, पोचवला सटवाजीनंच. विरूपाक्षनं एक घास घेतला आणि थांबला.

"सटवाजी, आधी कोण करायचं?"

"धाकट्या ताई की. तुमाला ठावं न्हवतं?"

त्यानं मान खाली घालून सगळं संपवलं. घरी रत्नम्मानं विचारलं, "कसं झालतं?"

"छान."

पुढच्या वर्षी नीलम्माला चाकूरला दिलं. मी माळ्यावर पडून आहे. खाली रत्नम्मा अजून रोज विचारते, तो रोज "छान" म्हणतो. तिचा बिचारीचा काही दोष नाही, हे त्यालाही कळतं.

कुणाच्या हातचं आवडलं, तर हात कुणाचे ते वेळेवर विचारा, बाबांनो. मला तेव्हा बोलता आलं नाही. तुम्हाला येतं ना?