गोड बियांचा लेप

कुन्झेसनं जर्दाळूची बी दाताखाली धरली, जेमतेम टोक तोडलं आणि धाब्याच्या कडेला तोंड वळवून थुंकली. कडू. उरलेली बी डावीकडच्या टोपलीत टाकून तिनं कोमट पाण्याची चूळ भरली आणि पुढची उचलली. ही गोड. ती उजवीकडे गेली.

भिंतीच्या आडोशाला, मेंढीच्या कातड्यावर तिच्या सासूबाई, अमा-ले, बसल्या होत्या. ऊन त्यांच्या गुडघ्यांपर्यंत आलं होतं. शालींच्या ढिगातून चेहरा तेवढा बाहेर, आणि मांडीवर दोन हात. अख्ख्या माणसात आता तेवढे हातच जागे राहिले होते. ते सतत काहीतरी चाचपत असत, शालीची दशी, कातड्याचे केस, नाहीतर नुसती हवा.

दिस्कित वाफाळता वाडगा सांभाळत शिडी चढून वर आली. लेहला नोकरी करणारी ही अमा-लेंची धाकटी लेक कालच आली होती, आणि आल्यापासून तिसऱ्यांदा थुक्पा घेऊन बसत होती.

"अमा, आ कर. एकच घोट. तुझ्या हातच्यासारखा नाही झालाय, पण बरा आहे."

अमा-लेंनी ओठ मिटले. पिशवीची नाडी ओढावी तसं तोंड आवळलं आणि मान वळवली.

"मी लहानपणी जेवले नाही तर माझं नाक दाबायचीस. आता मी दाबू का तुझं?" दिस्कित हसत म्हणाली, आणि तिनं वाडगा खाली ठेवला. मग तिचं लक्ष टोपल्यांकडे गेलं. "आचे, अजून तुझं हेच चाललंय? शरदात दोन्ही पोती एकत्र केलीस आणि आता एकेक बी चाटत बसलीस. वरची ती वरचीच."

कुन्झेसनं पुढची बी उचलली. आचे म्हणजे थोरली बहीण. दिस्कित तिला प्रेमानंच तसं म्हणायची. 'वरची' हा शब्द मात्र अमा-लेंचा होता. कुन्झेसचं माहेर वर चांगथांगच्या पठारावर, तंबूतलं. तिकडे झाड औषधालासुद्धा नाही. लग्न होऊन या जर्दाळूच्या गावात आली तेव्हा अमा-लेंनी तिच्यापुढे सुपात फोडलेल्या आठळ्यांतल्या बिया ठेवल्या आणि म्हणाल्या, निवड. दिसायला सगळ्या बिया सारख्या. तिनं मोठ्या एका बाजूला केल्या आणि लहान दुसऱ्या. सारं घर पोट धरधरून हसलं. त्याच हिवाळ्यात भेगाळलेल्या हातांना लावायला तिनं तेलाची बाटली उचलली, तर अमा-लेंनी ती काढून फळीवर ठेवली. "तुमच्याकडे लोणी फासतात ना? तेच लाव." भांडण नव्हतं ते. अमा-लेंचा आवाजही चढला नव्हता. पण त्या बाटलीला कुन्झेसनं स्वतःसाठी पुन्हा कधी हात लावला नाही.

"उद्या सकाळी गाडी येतेय," दिस्कित म्हणाली. "अच्चो हो म्हणालाय."

अच्चो म्हणजे तिचा भाऊ, कुन्झेसचा नवरा नवांग. शेवटी जो बोलेल त्याला नवांग हो म्हणतो. त्याच्या तोंडून 'नाही' तिनं आयुष्यात एकदाच ऐकलं होतं, आणि तेही गाढवाला म्हटलेलं.

"दवाखान्यात काय करतील?"

"नाकातून नळी घालतात. तिच्यातून पोटात पातळ अन्न जातं. तिला कळणारही नाही."

"आणि हात?"

"कसले हात?"

"खालच्या घरच्या आजोबांचे बांधले होते. नळी ओढू नये म्हणून."

दिस्कितनं आईच्या हातांकडे पाहिलं आणि नजर दुसरीकडे नेली. "मग काय करू सांग. उपाशी मरू देऊ?"

कुन्झेसनं आणखी एक बी चावली. कडूच होती. ती थुंकली.

"त्या उपाशी नाहीत," ती म्हणाली. "थांब थोडी. दाखवते."

लोसरचा, नव्या वर्षाचा, सण सरला तसं अमा-लेंचं खाणं कमी कमी होत गेलं. आधी रोटी सुटली, मग सातूचं पीठ, मग चहा. भरवायला गेलं की तोंड बंद. त्यातच थंडीनं अंगाची सालं निघू लागली, म्हणून कुन्झेसनं त्यांच्या तळव्यांवर तेल घातलं. अमा-लेंनी तळवा नाकाशी नेला आणि मग जिभेशी. अगदी सावकाश, मांजरासारखा, तो चाटून साफ केला. कुन्झेसला आनंद झाला, पण तो टिकला नाही, कारण ते तेल कडू बियांचं होतं. गोड बिया पोटाला आणि कडू अंगाला, अशी या गावची रीत. कडू तेल पोटात गेलं की माणूस ओकतो, आणि फार गेलं तर उठतच नाही. त्या संध्याकाळी अमा-लेंना उलटी झाली. त्यांचं तोंड पुसता पुसता कुन्झेसनं ठरवलं, की आता असं काहीतरी करायचं जे अंगाला लागलं तरी चालेल आणि पोटात गेलं तरी चालेल.

पण घरात गोड बिया वेगळ्या नव्हत्याच. दोन्ही पोती एक झाली होती.

तिनं टोपलीतल्या गोड बिया दगडी उखळात घातल्या आणि कुटल्या. लगदा गुळगुळीत झाल्यावर तो उन्हात तापलेल्या पाट्यावर घेतला, कढत पाण्याचा हबका मारला आणि मळायला लागली. मळता मळता लगदा आवळत गेला, काळवंडला, आणि मग त्याच्या कडांनी तेल सुटलं, आधी घामासारखं आणि मग धारेनं. पाटा कलता करून तिनं ते वाटीत धरलं. चुलीवरून आणलेल्या भांड्यात लोणी विरघळत होतं. ते तिच्या भावानं वरून पाठवलं होतं, कातड्याच्या पिशवीत शिवून. लोण्यात तिनं तेल ओतलं, बोटभर मध घातला आणि भांडं सावलीत, बर्फाच्या ढिगात रोवून काडीनं घोटत राहिली. घट्ट व्हायला लागलं तशी तिनं त्यात भाजलेल्या सातूचं वस्त्रगाळ पीठ भुरभुरलं.

दिस्कितनं डोळे बारीक केले. "आचे, हे मलम आहे की जेवण?"

"तुझ्या आईला विचार."

"पीठ घालतं का कुणी अंगाच्या लेपात? वास बघ, माझ्याच तोंडाला पाणी सुटलं."

लेप जमला. कुन्झेसनं तो अमा-लेंच्या कोपरांना लावला, घोट्यांना, मानेच्या सुरकुत्यांत. मग एक मोठा गोळा त्यांच्या तळव्यावर ठेवला, हात सोडून दिला आणि जरा लांब जाऊन पाठ करून बसली.

"अशी तिकडं तोंड करून का बसलीस?"

"कुणी बघितलं तर नाही खात त्या. तूही वळ."

दोघी नदीकडे तोंड करून बसल्या. काठानं बर्फ धरलं होतं आणि मधून हिरवं पाणी वाहत होतं. मागून बारीक चाटल्याचा आवाज आला. थांबला. पुन्हा आला. दिस्कितनं ओढणीचं टोक तोंडात धरलं.

"रोज?" तिनं हळूच विचारलं.

"सकाळी आणि दुपारी. दोन दिवस झाले, कमी झालंय. म्हणून आज मध घातला."

"मला फोनवर का नाही सांगितलंस?"

"काय सांगू? सासू मलम खाते म्हणून?"

दिस्कितला हसू आलं, आणि त्याच हसण्यात तिचे डोळे वाहायला लागले. कुन्झेसनं तिला चूळ भरायचा पेला दिला. जवळ दुसरं काही नव्हतं.

मागे टोपली घासल्याचा आवाज झाला तशा दोघी वळल्या. अमा-ले पुढे वाकल्या होत्या. त्यांनी उजवीकडची टोपली उचलली, होती नव्हती ती सगळी ताकद लावून, आणि सकाळपासून निवडलेल्या गोड बिया डावीकडच्या कडू बियांत ओतल्या. मग तळव्यानं दोन्ही सारख्या केल्या. धान्य झाकून ठेवावं तसा वरून हात फिरवला आणि काम उरकल्यासारख्या मागे टेकल्या.

कुन्झेसनं उठून रिकामी टोपली सरळ केली.

दिस्कित तिच्याकडे बघत राहिली. "आचे. शरदातली पोती..."

"ते सूप दे इकडं."

"ती पोती तू नव्हती एकत्र केलीस."

"सूप दे म्हटलं ना."

"सगळा गाव तुला हसला. मीसुद्धा. आणि तू..."

"हसला तर हसला. मला सवय आहे." कुन्झेसनं मिसळलेल्या बियांची टोपली पुढ्यात ओढली. "त्यांना नसतं सोसलं. उभ्या गावाच्या बिया निवडून द्यायच्या त्या."

दिस्कितनं सूप दिलं नाही. ते मांडीवर ओढून, त्यात बिया ओतून ती खाली बसली, एक बी उचलून चावली आणि तोंड वेडंवाकडं करत थुंकली. मग दुसरी घेतली. दुपारभर दोघी चावत होत्या, थुंकत होत्या, चुळा भरत होत्या. मध्येच दिस्कित म्हणाली, "जीभ लाकूड झाली गं माझी," आणि कुन्झेस म्हणाली, "बोलणं कमी होईल, बरंच आहे." नवांग शिडीवर डोकं काढून गेला. बायको आणि बहीण गप्प बसून एकाच सुपातून निवडताहेत हे पाहून तो न विचारताच खाली उतरला.

ऊन भिंतीवर चढलं तेव्हा नवा लेप तयार होता. या वेळी तो दिस्कितनं घोटला होता. तिनंच आईच्या तळव्यावर गोळा ठेवला, बोटं हलकेच मिटली, आणि कुणी सांगायच्या आत जाऊन नदीकडे तोंड करून बसली. कुन्झेस पाटा धुऊन उचलायला म्हणून वाकली होती.

चाटल्याचा आवाज आला नाही.

कुन्झेसच्या मनगटाला काहीतरी लागलं. अमा-लेंनी तिचा हात धरला होता. आठळ्या फोडून आणि गार पाण्यात बुडून तो हात चिरला होता, सांध्यांवर काळ्या भेगा पडल्या होत्या. अमा-लेंनी तो मांडीवर ओढून घेतला. तळव्यावरचा लेप बोटानं उचलला आणि पहिल्या भेगेत भरला. मग दुसऱ्या. अंगठा दाबून, गोल फिरवून, जिरेपर्यंत. हात थरथरत होते पण चुकत नव्हते. कुन्झेस वाकलेली तशीच राहिली. गुडघा दुखायला लागला तरी ती हलली नाही.

"खातेय का?" दिस्कितनं न वळता विचारलं. उत्तर आलं नाही तशी ती वळली.

आईचा अंगठा भेगेत फिरताना तिनं पाहिला. मग घाईघाईनं जवळ आली. "माझ्याकडून एखादी कडू गेली असेल, आचे. माझी जीभ बधिर झाली होती. तिला वास आला असेल, म्हणून खात नाहीये. तू बघ ना चाखून. कडूच असेल."

कुन्झेसनं मोकळ्या हातानं भांड्याच्या कडेचा लेप बोटावर घेतला. या घरात आल्या दिवसापासून तिनं कडू बीचा धसका घेतला होता. आत्ता बोट ओठाशी नेताना मात्र ती मनातल्या मनात विनवत होती, कडू निघ, म्हणजे अमा-लेंनी खाणं सोडलं नाही असं म्हणता येईल.

तिनं जिभेवर लेप घोळवला. पुन्हा घोळवला.

"काय?"

"गोड आहे," कुन्झेस म्हणाली.

दिस्कितनं आईच्या हातांकडे पाहिलं, या वेळी नजर न वळवता. तिनं आईच्या खांद्यावरून घसरलेली शाल वर ओढली, तिच्या डोक्याला क्षणभर आपलं कपाळ टेकवलं आणि शिडीपाशी गेली.

"अच्चो," तिनं खाली हाक दिली. आवाज नेहमीचाच होता. "गाडीवाल्याला सांग, उद्या नको येऊस."

"बरं," खालून नवांग म्हणाला.

अमा-लेंचं या हाताचं काम झालं होतं. त्यांनी तो बाजूला ठेवला आणि रिकामी बोटं हवेत चाचपायला लागली. कुन्झेसनं अंगरख्याला पुसून दुसरा हात पुढे केला.