पायांना ठाऊक असलेलं घर

ताईची दृष्टी गेली ती हळूहळू. आधी सुईत दोरा ओवता येईना, मग माणसं आवाजावरून ओळखावी लागली. आईवडिलांच्या जुन्या घरात शिवणकामावर तिनं एकटीनं आयुष्य काढलं होतं. धाकट्या भावानं तिला सातव्या मजल्यावरच्या आपल्या घरी आणलं. भावजय जीव लावायची. पण सगळ्या भिंती सारख्याच गुळगुळीत. पाणी प्यायला निघालेली ताई हमखास कपाटावर आपटायची. शेवटी ती खुर्चीतून उठेनाशीच झाली.

एकदा जेवताना म्हणाली, "मला आपल्या जुन्या घरी सोड."

"तिथे काय उरलंय? दोन खोल्या आणि जाळीजळमटं."

"असू दे. तिथे मला कुणाला वाट विचारावी लागणार नाही."

भावानं समजावलं, भावजयीनं डोळ्यांत पाणी आणलं. ताई हटली नाही.

जुन्या घराचं कुलूप निघालं आणि ताईनं भावाचा हात सोडला. ठेंगण्या दारापाशी ती आपसूक वाकली, स्वयंपाकघराची खोल पायरी उतरली आणि खिडकीची कडी काढली. डोळस भाऊ मागे अंधारात चाचपडत होता.

"इथे आई तुला अंघोळ घालायची," ताई म्हणाली. "साबण डोळ्यांत गेला की तू गल्ली डोक्यावर घ्यायचास."

बाहेर मात्र फसगत झाली. कोपऱ्यावरच्या मोकळ्या जागेत आता रंगाचं दुकान होतं. त्याच्या पायऱ्यांना अडखळून ताई पडली. गुडघा सोलवटला.

"झालं समाधान? चल परत," भाऊ म्हणाला.

"आधी मला उठव."

उठून तिनं पायऱ्यांच्या कडा तळव्यानं चाचपल्या, मग तिथूनच पुन्हा चालून पाहिलं. दुकानदार हात धरायला धावला.

"हात नको. दारात डबे मांडाल तेव्हा तेवढं ओरडून सांगा."

दुकानदाराच्या बायकोनं उशांचे अभ्रे शिवायला दिले, सुईत दोराही ओवून दिला. पहिली शिवण वाकडी गेली. ताईनं ती उसवली आणि पुन्हा घातली.

आठवड्यानं भाऊ निघाला. "एकटी कशी राहशील?"

"एकटी कुठे? पलीकडची म्हातारी मला अजून चिमे म्हणते. तुझ्या घरी मी सगळ्यांची आंधळी आत्या होते."

ताई भावाला सोडायला बसथांब्यापर्यंत आली. बस हलल्यावर त्यानं खिडकीतून मागे पाहिलं. ती केव्हाच घराकडे वळली होती.