मधल्या पाण्यातलं भाडं

आंबा घाट. धुकं. बॉनेट उघडलेली गाडी, बाजूला उंच हात करून रेंज शोधणारा ड्रायव्हर, आणि रस्त्याच्या मधोमध हात हलवणारे साहेब.

"अब्बा, तेच ना?" शिफाचा पाय ब्रेकवर.

तेच. खाडीपार वाहतूक संस्थेचे अधिकारी मुकुल देवधर. जमालनं जन्मभर त्या संस्थेची तर, खाडी ओलांडणारी होडी, चालवली. निवृत्त झाला आणि पेन्शन, ग्रॅच्युइटी सगळं अडकलं. द्या म्हणून हायकोर्टानं सांगितलं, तरी दिलं नाही. म्हणून हा अवमानाचा अर्ज, म्हणून आज कोल्हापूरच्या बेंचपुढे तारीख.

(प्रतिवादीने जातीने हजर राहावे.)

"चल पुढे," शिफा स्वतःलाच म्हणाली. "नाही पोचले की वॉरंट निघेल."

"थांब."

"अब्बा."

"हाक आली की तर मागे फिरते. कुणाची ते विचारत नाहीत."

वळण.

साहेब मागे बसले. ऑफिसात 'ए तांडेल' म्हणायचे, घाटात 'जमालभाई' झालं.

"जमालभाई, कोर्टात एवढंच सांगा, मुदत द्यायला हरकत नाही. कोल्हापुरात उतरलो की तुमच्या पैशांसाठी लगेच फोन करतो."

"मागच्या तारखेलाही उतरल्यावरच करणार होतात," शिफा आरशात बघून म्हणाली.

"फंडच नाही हो. मी काय घरून आणू?"

ही गाडी शिफाच्या सासरची. डिझेल त्यांचं, घरातला तांदूळही त्यांचाच. लेकीच्या सासरचं मीठ घशाखाली उतरत नव्हतं.

वळण. पुन्हा वळण. मग,

"बाजूला घे, शिफा. इथं रेंज येते."

गाडी कठड्याला लागली. खाली दरी असणार, दिसत नव्हती. एक ट्रक हॉर्न देत अंगावरून गेल्यासारखा गेला.

"म्हणजे काय? उतरवताय मला?"

"छे. मधल्या पाण्यात कुणाला उतरवत नाहीत. पण भाडं तिथंच घेतात. तुम्ही आमच्या तरीत कधी बसला नाहीत, म्हणून माहीत नसेल. पलीकडे लागली की माणसं उड्या मारून पळतात."

"ही धमकी आहे. कोर्टाला सांगेन मी."

"सांगा. तिकडेच चाललोय."

"उशीर होईल."

"तुम्हाला होईल. माझा वकील उभा राहील. तुमच्या जागी कोण राहणार?"

जमालनं हात मांड्यांखाली दाबून धरले. साहेब उतरले, मागून येणाऱ्या टेम्पोला हात केला, तर संपलं. मग पुढची तारीख, आणि तिच्या पुढची...

वायपर. वायपर.

साहेबांनी फोन काढला.

"हां, देवधर बोलतोय. ते तांडेलचं बिल. माझी सही झालेलं. धरून ठेवा म्हटलं होतं, ते सोडा. हो, सगळं. आत्ता."

एवढंच.

जमालला वाटायचं, त्याच्या पैशांवर काहीतरी मोठं बसलंय. मुंबईची मंजुरी, ऑडिट, कुठलंतरी खातं. बसला होता तो एक माणूस. कोर्टात गेलास ना, मग घे कोर्टाकडूनच, म्हणून.

गाडी हलली नाही. शेवटी जमालचा फोन वाजला. शिफानं वाचलं, पुन्हा वाचलं.

"आले, अब्बा."

साहेबांनी श्वास सोडला. "झालं ना तुमच्या मनासारखं? आता अर्ज मागे घ्या. तिथं काही बोलायला नको."

"विचारलं तर बोलावं लागेल. कधी दिले? आज, घाटात. कसे दिले? एका फोनवर."

साहेबांचा हात दाराच्या कडीवर गेला. "मी... मी ड्रायव्हरबरोबर येतो मागून."

"बसा, साहेब," जमाल म्हणाला. हात आता मांड्यांखालून बाहेर आले होते. "भाडं घेतलं की पलीकडे पोचवावंच लागतं."

शिफानं गिअर टाकला.