काचेवरचा भंडारा

मी बोलतोय, आष्ट्याच्या व्हिडिओवाल्या कृष्णातचा फोर-के कॅमेरा. सध्या कपाटात पडून आहे. पेटीवर ‘खराब’ अशी चिठ्ठी आहे, ती खोटी आहे.

माझ्याआधीचा जुना कॅमेरा बिचारा सगळं पोटात घालायचा. काच मळकी असली तरी लग्नातली माणसं ओळखू यायची. माझं तसं नाही. मी समोरच्याच्या डोळ्यातलं कुसळ दाखवतो, तसा माझ्या काचेवरचा डागही दाखवतो. म्हणून आधी काच पुसायची आणि चित्र मोठं करून बघायचं असतं. कृष्णातला वाटलं, महाग कॅमेरा घेतला की झालं.

बिरदेवाच्या जत्रेला सोनमनं त्याला बोलावलं. तिचे आजोबा बिराप्पा धनगरांच्या गजीनृत्यात यंदा शेवटचे नाचणार होते. छातीचं दुखणं होतं. सारा जन्म मेंढरांमागं गेलेला, घरात आधार कार्डावरचा तेवढा फोटो. आजीसाठी आजोबांचं तोंड नीट घ्या, एवढंच तिनं सांगितलं होतं.

ढोल वाजायच्या आधी बिराप्पा माझ्याजवळ आले आणि भंडाऱ्यानं माखलेला घामेजला अंगठा मायेनं थेट माझ्या काचेवर टेकवला. देवाचा भंडारा चारचौघांत पुसणार कोण? कृष्णातनं मला नमस्कार केला आणि तसंच शूटिंग सुरू केलं. उन्हात, वीतभर स्क्रीनवर, त्याला सगळं झकास दिसलं. म्हातारा जीव ओतून नाचला आणि मी आतून जळत राहिलो.

सव्वा महिन्यानं बिराप्पा गेले. दिवसकार्य उरकल्यावर कृष्णातनं मला त्यांच्या घरच्या मोठ्या टीव्हीला जोडलं. ढोलाच्या दोऱ्या दिसल्या, मागचा लिंब दिसला. मधोमध मात्र पिवळं धुकं, आणि त्याखाली नाचणारे दोन पाय.

सोनमची आजी हरणाबाई उठल्या. पदरानं टीव्हीची काच पुसली. परत पुसली.

“पोरी, झाडाचं पान न् पान दिसतंय की गं. ह्यांचंच तोंड कसं न्हाई?”

कृष्णात खाली बघत म्हणाला, “आवं आजी, क्यामेराच खराब निघाला.”

त्या दिवसापासून मी कपाटात आहे. तुम्ही मला खुशाल हार घाला, हळद लावा. पण कामाआधी काच पुसा. देव त्यानं कोपत नाही.

बिराप्पांच्या अंगठ्याचा तो ठसा तरी हरणाबाईंना दाखवला असता. पण जत्रेवरून घरी आल्यावर, कुणी बघत नाही असं पाहून, कृष्णातनं तो लख्ख पुसून टाकला होता.