त्रेन्सितासच्या खोट्या वेण्या

मित्रांनो, मी खोट्या केसांच्या वेण्यांची एक जुनी जोडी आहे. तुमच्या आज्या माझ्यासारखीला गंगावन म्हणत. मेक्सिको शहरातल्या एका फिल्म स्टुडिओत माझी हयात गेली, आणि खरं सांगते, बहुतेक वैतागण्यातच गेली.

तोलुका गावच्या एका धोबिणीने विकलेल्या केसांतून मला गुंफलं. ओफेलिया किरोझ तेव्हा सात वर्षांची होती. तापात तिचे केस कापलेले, आणि सिनेमात हवी होती तमाले, म्हणजे मक्याचे वाफवलेले उंडे विकणारी, लांब वेण्यांची अनाथ पोर. रंगभूषा करणाऱ्या चोलेबाईंनी मला तिच्या डोक्यावर आकड्यांनी घट्ट बसवलं. सिनेमा असा चालला, की गल्लीबोळांत तिला सगळे 'त्रेन्सितास', म्हणजे वेण्यावाली, म्हणू लागले. काय फुशारले मी तेव्हा!

पण निर्माते सेन्योर इलारिओ यांना पुढे दुसरं काही सुचेचना. दरवर्षी तीच अनाथ, तेच रडणं, तीच मी. ओफेलियाचे स्वतःचे केस दाट वाढत. मला बसवायचं म्हणून ते कापून टाकत! सतराव्या वर्षी ती लहान दिसावी म्हणून तिच्या छातीला फडकं गुंडाळू लागले. मला तर अगदी नकोसं झालं.

"आई, मला मोठ्या बाईचं काम करायचंय," ती म्हणाली.

"त्याला हजार बाया आहेत," तिची आई दोन्या आंपारो म्हणाल्या. "त्रेन्सितास एकच आहे. मान सरळ ठेव."

चोलेबाई दातांत आकडा धरून पुटपुटल्या, "लग्नातही हिला ह्याच लावतील."

मग पुएब्ला शहरातल्या थिएटरात नव्या सिनेमाचा पहिला खेळ लागला. ओफेलिया मंचावर हात हलवत होती. एक चिमुरडी फुलं घेऊन वर आली आणि तिने लाडाने माझं एक टोक ओढलं. मी अर्धी तिच्या हातात! दोन्या आंपारो आकडे घेऊन धावल्या.

"तू आजारी आहेस?" तिचे भादरलेले केस बघून घाबरलेल्या पोरीने विचारलं.

"नाही गं राणी. मोठी झालेय," ओफेलिया म्हणाली, आणि उरलेली वेणी तिने स्वतःच उपटली.

आई वर्षभर तिच्याशी बोलली नाही. तीन वर्षं एकाही स्टुडिओने तिला दारात उभं केलं नाही. ती तंबूतल्या नाटकांत मिळेल ते काम करत गावोगाव फिरली. मी पत्र्याच्या डब्यात पडून होते. वाटलं, सुटले!

कसली सुटते? इलारिओंना नवी त्रेन्सितास म्हणून सहा वर्षांची मिर्ता सापडली आणि माझा डबा पुन्हा उघडला. सिनेमातल्या तिच्या आईच्या चार प्रसंगांच्या कामासाठी कमी पैशांत कोण मिळालं? ओफेलिया.

ती रंगभूषेच्या खोलीत आली तेव्हा मिर्ता खुर्चीत मुसमुसत होती. चोलेबाईंच्या हातात कात्री होती.

"हिला केस आहेत की," ओफेलिया म्हणाली.

"आखूड आहेत. साहेबांना लांब वेण्या हव्यात."

ओफेलियाने कात्री काढून घेतली. इलारिओ दारात आले. "तीन वर्षांनी काम दिलंय मी तुला. शहाणपणा नको."

"हिचे केस कापलेत तर मी निघाले," ती म्हणाली. शाल तिने खांद्यावर घेतलीसुद्धा.

बाहेर दिवे लागलेले, चाळीस माणसं खोळंबलेली. इलारिओ चरफडले. "बांधा त्या उंदराच्या शेपट्या! आटपा!"

ओफेलियाने मिर्ताच्या बोटभर वेण्या स्वतः घातल्या, सैलसर. ओफेलियाचे ते चार प्रसंग लोकांनी उचलून धरले. पुढे वीस वर्षं ती बायांची कामं करत राहिली.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं आमच्यातले सगळे सांगतात. मी नाही सांगत. मला खुशाल कसर लागू द्या. पण घरात मूल वाढत असेल ना, तर त्याला वाढू द्या, बाबांनो! एवढं साधं सांगायला वेण्यांनी तोंड उघडावं लागतं?