दगडाच्या तोंडातला बोळा

त्या शिवारात प्रत्येक बांधाला एक काळा दगड होता, आणि ऊन चढलं की ते गायचे. कुणाचा आवाज भसाडा, कुणाचा कोवळा, पण खोटं एकालाही गाता यायचं नाही. दगड आपल्या जागेचं गायचा, की मी अमक्या झाडाखालचा, अमक्याच्या उगवतीचा. म्हणून हद्दीचं भांडण निघालं की गाव म्हणायचं, दगडाला विचारा. आणि दगड मुका निघाला, तर ज्याची वहिवाट त्याची जमीन.

सृष्टीच्या बांधावरचा दगड दहा वर्षं मुका होता. तिचे वडील महारुद्र, म्हणजे तिचे आण्णा, सांगायचे की तो आता देव झालाय, मौनात बसलाय. म्हणून सृष्टी दर मंगळवारी त्याला तेल-शेंदूर लावायची. पाच वर्षांची असल्यापासून. पोरगी दहावीत गेली, वक्तृत्वात तालुक्यात पहिली आली, माइकसमोर पाय लटपटायचे थांबले, पण मंगळवार काही तिनं चुकवला नाही.

आणि आता शेजारच्या दैवशालाकाकूंनी मोजणी मागितली होती. त्यांचं म्हणणं, बांध सरकलाय आणि आमची विहीर महारुद्रच्या रानात गेलीय. विहीर गेली म्हणजे काकूंचं रान कोरडं ठाक. मोजणी नेमकी मंगळवारी आली. सकाळीच आण्णांनी येरमाळ्याहून आणलेली शेंदराची अख्खी पुडी लेकीच्या हातात दिली आणि आज थर जाड दे म्हणून बजावलं.

बांधावर पोचताच सृष्टीनं नाक दाबलं. खवट तेलाचा वास नेहमीचाच, पण आज त्याच्या खालून दुसराच वास येत होता, मेलेल्या घुशीसारखा. उन्हानं शेंदराचं कवच तडकलं होतं. तिनं नुसतं बोट लावलं, तर ताटाएवढी खपली निखळून तिच्या पायावर पडली आणि मागून झुरळं निघाली. तेलानं माखलेली, गुबगुबीत झुरळं. एक तर सरळ तिच्या मनगटावर चढलं.

शी! तरी तिनं वाकून पाहिलंच.

दगडाचं तोंड म्हणजे एक आडवी खाच. ती डांबरानं बुजवलेली होती आणि डांबरातून कापडाचं टोक डोकावत होतं. काडीनं खरवडलं तर पिवळं कापड निघालं, त्यावर बदक. हे बदक तिच्या ओळखीचं होतं. घरच्या भिंतीवर तिचा अंगणवाडीतल्या पहिल्या दिवसाचा फोटो आहे ना, त्यात तिच्या अंगात हाच फ्रॉक होता.

बोळा आण्णांनी कोंबला, तो एकदाच. पण त्यावर पाचशे मंगळवार लिंपण घातलं ते तिनं. हात जोडून, गाणी म्हणत. सृष्टीला स्वतःच्या बोटांची अशी किळस आली, की ती कुठं पुसावीत तेच कळेना.

तोवर मोजणीदार, काकू आणि मागोमाग गाव येऊन ठेपलं. आण्णांनी ती खपली पाहिली आणि झपझप तिच्याजवळ आले. तंबाखूचा वास तिच्या तोंडावर आला.

"झाक ते," ते हळूच म्हणाले. "तुझ्यासाठीच केलंय म्या. लातूरला शिकायला जायचंय न्हवं तुला?"

ते 'तुझ्यासाठी' तिला झुरळापेक्षा घाण वाटलं.

"आण्णा, ह्यो माझा फ्रॉक हाय," ती म्हणाली. आवाज नेमका स्टेजवरचा लागला. पार शेवटच्या माणसापर्यंत गेला.

मग तिनं ते टोक चिमटीत धरलं आणि ओढलं. बोळा हातभर निघाला, बुळबुळीत, शेणानं भरलेला, किड्यांच्या अंड्यांसकट. पाठोपाठ तपकिरी पाण्याची चूळ बाहेर पडली. मोजणीदारानं रुमाल नाकाला लावला, दोघंतिघं मागं सरकले. दगड दम्याच्या म्हाताऱ्यासारखा खोकला आणि चिरक्या आवाजात गाऊ लागला:

"बाभळीच्या बुडाशी माझी जागा,
इहिरीच्या मावळतीला गं बाई..."

पण आता तर विहीरच दगडाच्या मावळतीला होती. सगळ्यांनी तिकडं माना वळवल्या. विहिरीच्याही पलीकडं, सतरा पावलांवर, आण्णांच्या सोयाबीनमध्ये बाभळीचं खोड उभं होतं. आण्णा खाली बघत होते.

काकू पुढं झाल्या आणि त्यांनी पदरानं दगडाचं तोंड पुसलं. नाकसुद्धा मुरडलं नाही बाईनं. दगडानं दम घेतला आणि हळू सुरात सृष्टीसाठी गायला:

"पोरी, तुझा हात लई मऊ. तुझी गाणी बी ऐकली मी."

त्यात राग नव्हता. सृष्टी बांधाच्या कडेला गेली आणि भडाभडा ओकली.

दगड उचलून बाभळीखाली न्यायला सहा माणसं लागली. सातवी सृष्टी. आण्णांनी हात लावला नाही.

घरी येऊन तिनं हात साबणानं धुतले, राखेनं घासले, शेवटी रॉकेल चोळलं. नखांतला शेंदूर काही जाईना. आईनं भाकरी वाढली. सृष्टीनं ती दुधात कुस्करायला हात पुढं केला आणि तसाच मागं घेतला. मग उठून चमचा आणला. भाकरीचे तुकडे चमच्यानं मोडत ती जेवली.

समोर आण्णा जेवायला बसले होते. चमचा बघून त्यांचा घास हातातच राहिला.

"मला बी दे एक," ते म्हणाले.

तिनं चमच्यांचा डबा त्यांच्याकडं सरकवला. हातात काही दिला नाही.